भिंतीवरचा धोंडबा

नागसेननं विहारातलं जुनं चित्र नीट करायला पेंटर आणला, तेव्हाच इंदूबाईच्या मनात पाल चुकचुकली.

जरीपटका वस्तीमागच्या त्या इवल्याशा विहारात एकच भिंत रंगवलेली. बुद्धासमोर मेलेलं लेकरू घेऊन उभी किसा गोतमी, अन् तिच्यामागं वस्तीचं खांदेकरी मंडळ. कोणाकडे मयत झाली की ही माणसं हातचं काम टाकून खांदा द्यायला धावत, म्हणून जुन्या पेंटरनं त्यांचेच चेहरे काढले होते. कोपऱ्यातला धोंडबा, इंदूबाईचा नवरा. तो जाऊन जमाना झाला. घरात त्याचा एक फोटो नाही. जे काय होतं ते या भिंतीवर.

आणि नेमका त्याचाच चेहरा विरत चाललेला. इंदूबाईला पक्का वहीम होता की कोणीतरी मुद्दाम घासतंय. कोणीतरी म्हणजे कोण? अध्यक्ष नागसेन, दुसरं कोण! त्याचा बाप मंडळात मागाहून आला, चित्रातून राहून गेला. आता धोंडबाला पुसून बापाला बसवायचा बेत, एवढं न समजायला ती काय दूधखुळी होती? विहाराची चाबी तिच्या कमरेला असे. नागसेननं दोनदा मागितली, तिनं दिली नाही.

बेसा गावाहून येणाऱ्या ऋषिकेश पेंटरच्या मागं ती ठाण मांडून बसली. तिसऱ्या दिवशी नागसेन त्याच्या कानाशी लागला आणि तिच्याकडे बघून गप्प झाला. बाईचा पारा चढला.

"काहून गा, माह्या तोंडावर बोल ना."

नागसेननं मान खाली घातली. "मावशी, राहू द्या."

शेवटी पेंटरच बोलला. रंग डिंकात कालवलेले, पाण्यानं सुटणारे. बाकीचे चेहरे मेणबत्त्यांच्या काजळीखाली शाबूत आहेत. हा एकच कोणीतरी वर्षानुवर्षं ओल्या फडक्यानं पुसत आलंय.

इंदूबाईनं हातातला पदर पाहिला. रोज सकाळी, वंदनेआधी, धोंडबाच्या तोंडावर काजळी बसू नये म्हणून ती तो भिजवून आणायची. आजही ओलाच होता.

चेहरा कसा होता ते सांगा, पुन्हा काढून देतो, असं ऋषिकेश म्हणाला. तिनं डोळे मिटले. धोंडबा काही दिसेना. दिसली ती ही भिंतच, तीही फिकी. मग ती खूप रडली.

जरा वेळानं तिनं कमरेची चाबी सोडली आणि नागसेनच्या हातात ठेवली.

"उरला तेवढा राहू दे," ती म्हणाली. "अन् मी कितीबी मागतली, तरी मले देऊ नोको."