उजवा खांदा

जुबेदाने पलंगावरची गादी उचलून भिंतीला उभी केली, उघड्या फळीवर धुतलेली चादर अंथरली आणि मधोमध लोड आडवा ठेवला.

"ही मय्यत समज," ती मुलीला म्हणाली. "सांग तिला. आंघोळ कशी घालते ते दाखव म्हणावं."

"अम्मी, सीरियसली? ये तकिया है."

"तकिया काय नि माणूस काय. शिकणाऱ्याला सगळं सारखंच. सांग तू."

फरहाना अकरावीत होती आणि आपल्या आईची तिला दिवसातून चार वेळा तरी लाज वाटायची. ही आजची पाचवी. तिने इंग्रजीत सांगितलं. समोर उभी असलेली उंच, सावळी बाई मान डोलावून पुढे आली आणि लोडाकडे नुसती बघत राहिली.

तिचं नाव सलमा जोसेफ. मुसलमान बाईचं आडनाव जोसेफ कसं, हे जुबेदाला सकाळपासून विचारायचं होतं, पण पाहुणीला असं विचारू नये म्हणून ती गप्प होती. सलमा वेस्ट इंडीजमधल्या ग्रेनाडा बेटावरची. हे नाव जुबेदाच्या नवऱ्याच्या, हाशमच्या तोंडात बसेना. तो आपला 'जायफळवाली बाई' म्हणत होता, कारण तिने बसमध्ये सगळ्यांना जायफळं वाटली होती. हाशम उमऱ्याच्या यात्रेला आलेल्या लोकांची मिनीबस चालवायचा. आज मक्केहून ताइफला आणलेल्या सातजणांत ही एक. बाकीचे गुलाबाच्या बागा बघायला उतरले आणि ही बसमध्येच बसून राहिली. हाशमने मोडक्यातोडक्या इंग्रजीत विचारलं, तेव्हा ती म्हणाली, मला बाग नको, मय्यतीला आंघोळ घालता येणारी बाई हवी. हाशमला हसू आलं नाही. त्याच्या घरात तशी बाई होती.

जुबेदा हर्णैला असताना विसाव्या वर्षापासून मावशीच्या हाताखाली हे शिकली होती, आणि इथे ताइफलाही एखादी कोकणी बाई वारली की आधी हिलाच फोन यायचा. हात हलका, पण तोंड तिखट. कुणी शेवटचं कापराचं पाणी आधी ओतलं, कुणी वेण्या तीनच्या दोन घातल्या, की जुबेदा तिथल्या तिथे सुनवायची. मेलेल्या माणसाला तक्रार करता येत नाही, म्हणून ती जिवंत माणसाने करावी, असं तिचं म्हणणं. त्यामुळे बायका तिला बोलवायच्याही आणि टरकायच्याही.

सलमा लोडाशेजारून मागे सरली. फरहानाशी बरंच काही बोलली.

"काय म्हणते?"

"म्हणते की याला खांदे नाहीत. हिला जमत नाही." फरहाना थांबली. मग आवाज खाली आणून म्हणाली, "अम्मी, त्यांच्याकडे एकच म्हातारी होती, जिला हे यायचं. ती वारली. पूरी आयलंड पे दुसरी कोई नहीं. मग यांनी फोनवर व्हिडिओ बघून शिकून घेतलं. पुढच्याच महिन्यात हिची आई वारली. हिने एकटीने केलं. आणि लगेच कुणीतरी बाहेरून आलेल्या बाईने सांगितलं, की फोनवरून शिकलेल्यांनी आपली माणसं नापाक पाठवली. तीन साल से ये सोयी नहीं ठीक से."

जुबेदाने सलमाकडे नीट पाहिलं. मग चपला काढल्या, लोड खाली टाकला आणि ओढणी सारखी करून स्वतःच फळीवर जाऊन आडवी झाली.

"अम्मी! प्लीज. इट्स वीअर्ड."

"माझं वजन पेलेल फळीला, घाबरू नकोस. अंगावर चादर घाल. आणि हिला सांग, पाणी नको, नुसता कोरडा हात फिरव. आईला केलंस तसंच्या तसं."

जुबेदाने डोळे मिटले. खिडकीतून डोंगरावरचं गार वारं येत होतं. खाली कुणीतरी गाडीवाल्याला 'यल्ला, यल्ला' म्हणून हाकलत होतं. आजवर शंभरेक बायकांना तिने अशा फळीवर पाहिलं असेल, पण इथून छत कसं दिसतं ते डोळे मिटण्याआधी तिने पहिल्यांदाच पाहिलं होतं. लगेच तिने स्वतःला दटावलं, की तू परीक्षा घ्यायला निजली आहेस, मरायला नाही.

सलमाने आधी पुटपुटत काही म्हटलं. मग तिचा हात चादरीखालून आला आणि खांद्यावर टेकला.

डाव्या खांद्यावर.

जुबेदाच्या पापण्या हलल्या. उजवं अंग आधी, मग डावं. हे तर लहान पोरालाही सांगावं लागत नाही. ती तोंड उघडणारच होती, पण तो हात दंडावरून मनगटाकडे इतक्या सावकाश गेला, की तिचा शब्द ओठावरच राहिला. आणि सलमा बोलत होती. दुआ नव्हे, साधंच काहीतरी बोलत होती.

"काय सांगते ती?" जुबेदाने डोळे न उघडता विचारलं.

"तुझ्याशी बोलतेय, अम्मी. मतलब, तिच्या आईशी. ममा, आता हात उचलते. ममा, आता कुशीवर वळवते, घाबरू नकोस."

सलमाने तिला कुशीवर वळवलं. पाठीवरून हात फिरवला, पायांच्या बोटांमधून फिरवला, केस मोकळे करून तीन वेण्यांचे पेड धरले. एकही जागा सुटली नाही. कोरोनात विमानं बंद होती त्या वर्षी जुबेदाची आई हर्णैला वारली. भावाने फोनवर बंद दार दाखवलं होतं. दारामागे आईला आंघोळ घालायला मावशी आणि तिच्या तीन पोरी होत्या, सगळ्या जाणत्या. त्या दाराचं जुबेदाला इतकी वर्षं रडू आलं नव्हतं, ते आता आलं, आणि निजलेल्या माणसाचे डोळे कानाकडे वाहतात हे तिला कळलं.

फरहाना फोन बघत होती. सलमाने तिला आपल्या फोनमधला तो व्हिडिओ बघायला दिला होता. अचानक ती मराठीत म्हणाली, "अम्मी, मागच्या भिंतीवरचं अरबी सगळं उलटं आहे यात. सेल्फी कॅमेऱ्याने काढलंय. म्हणजे उजवं ते डावं दिसतंय. म्हणून ही—"

"गप." जुबेदा उठून बसली. "खलास. एक अक्षर नको."

सलमा दोघींकडे आळीपाळीने पाहू लागली. तिने हात पोटाशी घट्ट धरले.

जुबेदाला काय करावं ते कळेना. सांगावं, तर ही बाई उरलेला जन्म झोपायची नाही. न सांगावं, तर त्या बेटावरच्या सगळ्या बाया डावीकडूनच जातील. उजवं आधी न झाल्याने आंघोळ फुकट जात नाही, हे तिला ठाऊक होतं. पण ठाऊक असणं आणि तीन वर्षं जागलेल्या माणसाला ते पटणं, यांत फार अंतर असतं.

ती पुन्हा आडवी झाली. सलमाचा हात धरून तिने आपल्या उजव्या खांद्यावर ठेवला.

"इथून," ती म्हणाली. "आता नेहमी इथून. आणि बाकीच्यांनाही शिकव."

फरहानाने सांगितलं. सलमाचा हात खांद्यावर तसाच राहिला. मग ती हळू आवाजात काहीतरी बोलली. त्यातलं 'ममा' एवढं जुबेदाला समजलं, पण तेवढ्यात सगळं आलं.

"विचारतेय," फरहाना म्हणाली, "की मग आईचं बरोबर झालं होतं का."

जुबेदा छताकडे बघत होती.

"सांग तिला, माझ्या आईला चार जाणत्या बायांनी आंघोळ घातली. सगळं उजवीकडून, कुठे बोट ठेवायला जागा नाही. पण तिच्याशी कुणी बोललं असेल का, ते मला माहीत नाही. ती घाबरली असेल तर 'घाबरू नकोस' म्हणायला मी नव्हते. सांग, की माझ्या आईला जे मिळालं नाही ते हिच्या आईला मिळालं. चूक झाली असेल तर ती त्या फोनची. हिच्या हातात काही खोट नाही. सांग."

फरहानाने आईकडे पाहिलं, मग सलमाकडे. एवढा वेळ भराभर चालणारी तिची जीभ अडली. तिने डोळे पुसले.

"शी सेज येस," ती म्हणाली.

एवढं इंग्रजी जुबेदाला येत होतं. तिने दुरुस्ती केली नाही.

सलमाने चादर सारखी केली आणि उजव्या खांद्यावरून हात खाली न्यायला सुरुवात केली.