बुडाचा पोचा

मित्रांनो, मी एक जुना ॲल्युमिनियमचा कप आहे. कान तुटलेला, बूड आत गेलेले. रूप दाखवण्यासारखे नाही, पण हकीकत सांगण्यासारखी आहे.

कारखान्यातून मी थेट एका बसचालकाच्या घरी आलो. घरात त्यांना बाबा म्हणत. सुट्टीच्या दिवशी बाबा ओव्हन तापवत आणि लाल भोपळ्याच्या कुकीज करत. मैदा माझ्याच मापाने पडे. दालचिनी, सुंठ, जायफळाच्या वासाने मी फुशारून जाई. खरे सांगायचे तर कुकीज कडक होत. घरचे चहात बुडवून निभावून नेत.

एकदा त्यांच्या लेकीने, चिमीने, अक्रोड फोडायला मलाच त्यावर हाणले. माझे बूड आत गेले आणि ती रडवेली झाली. बाबांनी तसाच मैदा मोजला. आता माझ्यात मैदा कमी मावत होता, त्यामुळे कुकीज ओठांनी तुटतील इतक्या मऊ झाल्या.

“चिमे, तुझ्या ठोकाठोकीने कुकीज सुधारल्या बघ,” बाबा म्हणाले. मग त्यांनी वहीत लिहिले: भोपळा एक वाटी, मैदा दोन कप. कोणता कप, हे लिहायची गरज कोणालाच वाटली नाही.

चिमी मोठी झाली, नर्स झाली, लग्नानंतर मला आणि वहीला सोबत घेऊन गेली. तिच्या संसारात चकचकीत मापे आली आणि मला कपाटात खिळे-स्क्रू सांभाळायला बसवले. मी रुसलो, पण माझे ऐकतो कोण?

पुढे बाबांना अर्धांगवायू झाला. वाचा गेली. ते लेकीकडे राहायला आले, पण जेवणावरची त्यांची वासनाच उडाली. दोन घास पोटात जावेत म्हणून चिमीने ती वही काढली आणि नव्या मापाने मैदा मोजला. बाबांनी कुकी चावून पाहिली आणि तशीच बशीत ठेवली. दुसऱ्या दिवशीही तेच.

“बाबा, तुम्ही लिहिलंय तसंच करतेय हो मी,” वही त्यांच्यापुढे धरत ती म्हणाली.

बाबा उठले. पाय ओढत कपाटाशी गेले, मला काढले आणि स्क्रू टेबलावर ओतले. माझ्या बुडावर बोटाने टकटक केली आणि तेच बोट तिच्याकडे रोखले. चिमीने माझ्या पोच्यावरून बोट फिरवले. मग तिला तो अक्रोड आठवला आणि ती हसता हसता रडू लागली.

तिने मला तीनदा घासले आणि माझ्याच मापाने मैदा मोजला. त्या संध्याकाळी बाबांनी एक कुकी संपवली आणि दुसरीकडे हात नेला.

“ठोकून सरळ करून देऊ का याचं बूड?” चिमीच्या नवऱ्याने विचारले.

“हात लावू नकोस,” ती म्हणाली.

मित्रांनो, जुन्या भांड्याला पोचा दिसला म्हणून ते लगेच अडगळीत टाकू नका. तो कसा पडला, हे आधी घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारा. आणि त्यांना बोलता येत नसेल, तर उत्तर मिळेपर्यंत त्यांच्याजवळ बसा.