तिरक्या भिंतीपुढे ओळंबा

बसा मित्रांनो, बसा. मागच्या भिंतीला खुशाल पाठ टेका. ती पडायची नाही. आधी एक पडली होती, ही मात्र पडायची नाही, आणि का पडायची नाही त्याचीच गोष्ट सांगतो. तुम्ही फक्त बूड हलवू नका.

मी एक जुना ओळंबा आहे. ओळंबा ठाऊक नसेल तर लाजू नका, हल्लीच्या इंजिनियरांनाही ठाऊक नसतो. पितळेचा जड गोळा, खाली टोक, वर दोरी, आणि दोरीत ओवलेला एक लाकडी ठोकळा. ठोकळा भिंतीला लावायचा, मला खाली सोडायचं. मी हलून हलून थांबलो की भिंत सरळ आहे का वाकडी, ते लगेच कळतं. मी बोलत नाही, पण खोटंही बोलत नाही. शाळा मी फक्त बाहेरून पाहिली, तीही तिची भिंत सरळ आहे का ते बघायला.

साताऱ्याकडच्या एका ओतारीबाबाने मला ओतला. माझ्या कडेला एक बारीक खड्डा राहिला होता. ओतारी म्हणाला, "पुन्हा ओततो." तेव्हा विशी-बाविशीचा जगन्नाथ मिस्त्री म्हणाला, "राहू द्या. अंगठा बरोबर बसतोय." तेव्हापासून त्याचा अंगठा तिथेच.

पुण्यात आम्ही लई भिंती उभ्या केल्या. थापी, कोपरा बघणारा गुण्या, पातळी बघणारी पाणसळ आणि मी, अशी आमची चौकडी. मालक लोक यायचे, मला भिंतीला लावायचे आणि म्हणायचे, "वा मिस्त्री, एकदम ओळंब्यात." मिस्त्री नुसता मिशीत हसायचा. खरं सांगतो मित्रांनो, मला गर्व झाला होता. सरळ म्हणजे चांगलं आणि तिरकं म्हणजे वाईट, एवढीच माझी अक्कल.

मिस्त्रीचा मुलगा अतुल शिकून इंजिनियर झाला, शिकागोला आला, आणि मग आई-बापांनाही घेऊन आला. थापी, गुण्या, पाणसळ तिकडेच वाटून टाकली. मला मात्र मिस्त्रीने लोकरी सॉक्समध्ये गुंडाळून आणलं. इथे आल्यावर काम कुठलं? इथल्या भिंती लाकडाच्या, आतून पोकळ. मिस्त्री बोटाने ठोकून बघायचा आणि तोंड वाकडं करायचा. मी गॅरेजमध्ये कॉफीच्या डब्यात पडून राहिलो. शनिवारी डेव्हन ॲव्हेन्यूवरनं भाजी आणली की पिशव्या माझ्या डब्यावर आपटायच्या. तेवढीच काय ती वर्दळ.

मग मागच्या अंगणातली माती उतारावरून घसरायला लागली. अतुल म्हणाला, "बाबा, कॉन्ट्रॅक्टर बोलावतो." मिस्त्री म्हणाला, "घरात मिस्त्री असताना?" झालं. हिवाळ्याआधी बापलेकांनी मिळून माती अडवायला भिंत बांधली. दगड, सिमेंट आणि मी. कंबरेएवढी उंच, आणि अशी सरळ की शेजारचा गोरा म्हातारा फोटो काढून गेला. शैलजाआजीने, म्हणजे मिस्त्रीच्या बायकोने, तो फोटो अख्ख्या गावाला फॉरवर्ड केला.

हिवाळा आला. जमीन दगडासारखी गोठली. मार्चमध्ये बर्फ वितळलं आणि एका सकाळी भिंतीचं पोट पुढे आलं, आणि दुपारपर्यंत ती आजीच्या मेथीच्या वाफ्यावर आडवी.

अतुल ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं. तो हळूच म्हणाला, "बाबा, आता बस झालं. वय झालं तुमचं. जूनच्या पहिल्या सोमवारी कॉन्ट्रॅक्टर येतोय." मिस्त्रीने मला डब्यात टाकलं, झाकण लावलं. त्या दिवसापासून तो जेवताना मान खाली घालून जेवायला लागला. आणि मी डब्यात विचार करत बसलो की भिंत तर सरळ होती, मी स्वतः बघितली होती. मग पडली का?

मे महिन्यात अतुलची मुलगी आन्या कॉलेज पास झाली. तिला पेरू देशात जायचं होतं, इंका लोकांचे जुने दगडी किल्ले बघायला. ती म्हणाली, "आजोबा, यू अँड आजी आर कमिंग. इट्स ऑल स्टोन, तुम्हाला आवडेल." मिस्त्री नको नको म्हणत होता. पण निघायच्या आदल्या दिवशी गॅरेजमध्ये आला, डबा उघडला, खड्ड्यावर अंगठा ठेवला आणि मला त्याच जुन्या सॉक्समध्ये घालून बॅगेच्या तळाशी, चिवड्याच्या पिशवीखाली दडवलं.

कुस्को नावाचं गाव. उंच इतकं की बूट घालतानाही दम लागतो. सगळे जातात त्या मोठ्या ठिकाणाची तिकिटं आन्याला मिळालीच नाहीत, म्हणून तिने अर्ध्या दिवसाची साधी टूर घेतली. एक मिनीबस, पंधरा माणसं, चार पडकी ठिकाणं, आणि दुपारी हॉटेलवर परत.

"स्वस्तात बरी आहे," आजी म्हणाली. "कंटाळा आला तर अर्धाच दिवस येईल."

गाईड होती व्हिल्मा नावाची बाई. पन्नाशीची, ठेंगणी, डोक्यावर मोठी हॅट. तिने आधी सगळ्यांना दम लागू नये म्हणून कोकाच्या पानांचा चहा पाजला. आजी म्हणाली, "यात आलं घातलं असतं तर बरं झालं असतं." आणि दोन कप प्यायली.

पहिलं ठिकाण साक्सायवामान. मित्रांनो, मी पुष्कळ दगड पाहिले, पण असले नाहीत. खोलीएवढे दगड, एकमेकांत असे बसवलेले की मध्ये सुरीचं पातं जाणार नाही. चुना नाही, सिमेंट नाही. मिस्त्री तिथे देवळात उभं राहावं तसा उभा राहिला. मग हळूच एक डोळा मिटला. तो डोळा मिटला की मला कळतं, साहेब माप घेतायत.

"तिरकी आहे," मिस्त्री म्हणाला.

"अहो, हळू बोला," आजी म्हणाली.

"तिरकी आहे म्हणजे आहे. वर गेली तशी मागे पडलीय. एवढे मोठे दगड उचलले आणि साधा ओळंबा धरला नाही."

व्हिल्माने आन्याला विचारलं, आजोबा काय म्हणतायत. आन्या लाल झाली. "ही सेज... द वॉल इज क्रुकेड."

व्हिल्मा हसली आणि मान हलवली. नाही, म्हणे. मग आमच्या मिस्त्रीला राहवतंय का? खिशातनं सॉक्स काढला, सॉक्समधनं मला काढलं, आणि पाचशे-सहाशे वर्षांच्या भिंतीसमोर मला सोडलं.

कर्रर्र करून शिट्टी वाजली. पहारेकरी धावत आला. तिथे भिंतीला हात लावायची बंदी, आणि हा म्हातारा पितळेचा टोकदार गोळा घेऊन उभा.

"आजोबा, पुट इट अवे, प्लीज," आन्या म्हणाली. "ते घेऊन टाकतील."

"मी भिंतीला लावलाच नाहीये," मिस्त्री म्हणाला, पण दोरी मुठीत गुंडाळायला लागला. मी गरगर फिरलो. एवढ्या लांब येऊन जप्त व्हायचं नशिबात होतं की काय, असं वाटलं.

तेवढ्यात व्हिल्मा माझ्यासमोर वाकली. पहारेकऱ्याला त्यांच्या भाषेत काहीतरी सांगितलं आणि आन्याकडे वळली. आन्याने आम्हाला सांगितलं, "आजोबा, हिचे बाबा पण मिस्त्री होते. त्यांच्याकडे सेम असंच होतं. इथे त्याला प्लोमादा म्हणतात. गार्ड म्हणतोय, वॉलपासून लांब धरा, मग ओके."

म्हणजे बघा, माझे नातेवाईक पेरूतही आहेत. मला कुणी सांगितलंच नव्हतं.

मिस्त्रीने दोन पावलं मागे येऊन मला पुन्हा धरलं. मी हललो, थांबलो. वर दोरीपासून भिंत लांब, खाली दगड माझ्या जवळ. भिंत मागे, डोंगराच्या अंगावर रेललेली. एका दगडाची नाही, सगळ्या रांगेची तीच तऱ्हा. ही चूक नव्हती मित्रांनो. कुणीतरी मोजून, ठरवून केलं होतं.

"विचार तिला," मिस्त्री म्हणाला. "का म्हणून."

व्हिल्माने उत्तर तोंडाने दिलंच नाही. तिने मिस्त्रीला समोर उभं केलं, ताठ, हात बाजूला. मग आजीला खूण केली, ढकला.

"मी?" आजी म्हणाली. "बाई, मी पन्नास वर्षं वाट बघतेय."

आजीने पदर खोचला आणि दिला धक्का. मिस्त्री एक पाऊल मागे. बसमधली माणसं हसायला लागली. मग व्हिल्माने मिस्त्रीला आजीकडे किंचित झुकायला लावलं आणि पुन्हा खूण केली. आजीने ढकललं. मिस्त्री जागचा हलला नाही. आजीने जोर लावला, बांगड्या वाजल्या, तरी नाही.

"माती ढकलते," आन्या सांगायला लागली, "अँड अर्थक्वेक्स पण होतात इथे. वॉल आधीच मातीकडे झुकलेली असेल ना, तर ती परत ढकलते."

मिस्त्री हसला नाही. मला मुठीत धरून दगडाकडे बघत राहिला. मग आजीला म्हणाला, "आमचे आबा शेतात दगडाचा बांध रचायचे, आठवतंय तुला? तो असाच रेललेला असायचा. म्हणायचे, जगू, डोंगराकडे पाठ टेकव पोरा. आणि मी शहरात घरांच्या भिंती बांधून बांधून ते विसरलो."

पुढच्या दोन ठिकाणी तो दगडांचे सांधेच बघत राहिला. आजीने चिवडा दिला तर हातातच धरून बसला. शेवटचं ठिकाण तांबोमाचाय. तिथे दगडी भिंतीतनं पाणी येतं, स्वच्छ, बारीक धारेने, आणि राजे लोकांच्या काळापासनं तसंच येतंय. बाकीचे फोटो काढत होते. मिस्त्री त्या धारेकडे बघत म्हणाला, "शैला, मी पाण्याला वाटच ठेवली नव्हती. सगळं सिमेंटने बंद केलं. पाणी मागे साठलं, गोठलं, फुगलं. भिंत पडली नाही. मी पाडली."

आजीने त्याच्या हातातला चिवडा परत पिशवीत टाकला. मग म्हणाली, "मग आता सांगा अतुलला."

बस निघाली तसा मिस्त्रीने अतुलला फोन लावला. मी खिशात होतो, सगळं ऐकलं.

"अतुल, कॉन्ट्रॅक्टर कॅन्सल कर."

"बाबा, आपलं बोलणं झालंय ना. पुन्हा पडली तर? खाली आई असते वाफ्यात."

"म्हणूनच. पहिली भिंत माझ्या चुकीने पडली. वयाने नाही, चुकीने. वय दुरुस्त करता येत नाही, चूक येते."

मग अतुल म्हणाला, "एक विंटर. एक विंटर टिकली तर मी काही बोलणार नाही. पण मी सोबत असणार, आणि दगड मी उचलणार."

"उचल की," मिस्त्री म्हणाला. "तेवढंच इंजिनियरिंग राहिलं होतं तुझं."

आन्या खिडकीकडे तोंड करून हसत होती.

जूनमध्ये काम सुरू झालं. दर चार हातांवर पाण्याला पाइप, मागे खडी, आणि भिंत मातीच्या अंगावर रेललेली. मला वाटलं, तिरकी भिंत बांधायची तर आता माझी गरज काय? पण मिस्त्रीने मलाच काढलं. वर ठोकळ्यामागे लाकडाची खुट्टी धरली, थर चढेल तशी मोठी, शेवटी चार बोटांची, आणि प्रत्येक थराला मला सोडून बघितलं, भिंत बरोबर तेवढीच झुकतेय का. त्या दिवशी मला अक्कल आली. तिरकं किती असावं, हे मोजायलासुद्धा सरळच माणूस लागतो.

हिवाळा आला आणि गेला. मार्चमध्ये बर्फ वितळलं, पाइपांतनं पाण्याच्या धारा लागल्या. अतुल चहाचा कप घेऊन अंगणात आला, इकडेतिकडे बघितलं, कुणी नाही असं समजून भिंतीला खांद्याने जोर लावून ढकललं. भिंत हलली नाही. वर खिडकीत मिस्त्री उभा होता. तो नुसता मिशीत हसला.

आता मी डब्यात नसतो. मागच्या दाराशी खिळ्याला टांगलेला असतो, आणि आन्या घरी आली की माझ्या खड्ड्यात तिचा अंगठा ठेवून बघते. तिचा अजून बसत नाही नीट, पण बसेल.

आता तुमच्याकडे एक मागणं. तुमच्याही घरात, गॅरेजमध्ये किंवा माळ्यावर, कुठल्या तरी डब्यात माझ्यासारखं एखादं जुनं हत्यार पडलेलं असेल. फेकू नका. नुसतं पुसून शोकेसमध्येही ठेवू नका. ते ज्याचं आहे त्या म्हाताऱ्याच्या किंवा म्हातारीच्या हातात द्या आणि विचारा, हे कसं धरतात. आणि मित्रांनो, विचारायच्या आधी स्वतःसाठी एक खुर्ची ओढून घ्या.