जावयाचा हात

लुब्वामावर कोर्टाची पायरी चढायची वेळ आणली ती त्याच्याच हातांनी. डॉक्टरकीची शेवटची परीक्षा, वॉर्डातला पेशंट तपासून दाखवायचा, आणि एकदा नापास झालेल्या लुब्वामाची ही अखेरची संधी. त्यानं पडदा सरकवला तर खाटेवर कोण? नाबोसाची आई. ज्या मुलीशी लग्न करायचं मनात पक्कं केलं होतं, तिचीच आई! बाईनंही त्याला ओळखलं आणि चादर तोंडावर ओढून घेतली.

आता आम्हा बुगांडातल्या लोकांत जावयानं सासूला शिवायचं नसतं. शिवलं तर अंगाला कायमचा कंप सुटतो, हे आम्ही पाळण्यात असल्यापासून ऐकतो. पेशंट नात्यातला निघाला तर आधीच सांगावं, दुसरा मिळतो, हा परीक्षेचा नियम त्याला तोंडपाठ होता. पण सांगायचं कुठल्या तोंडानं? बोलणी व्हायची होती, मुलीच्या बापाला पत्ता नव्हता. लाजेनं त्याची दातखीळ बसली. गड्यानं लांबूनच चार प्रश्न विचारले आणि परीक्षकांपुढे अंदाजपंचे ठोकून दिलं. त्यांनी पोटातल्या गाठीचं विचारलं तेव्हा पठ्ठ्या गप्प. नापास झाला, आणि विद्यापीठानं नाव काढून टाकलं.

पुन्हा एकदा परीक्षेला बसू द्या, एवढंच त्याचं कोर्टाकडे मागणं होतं. त्याचा वकील बझान्न्या निर्धास्त होता. न्यायमूर्ती आपल्यातलेच, पिकल्या केसांचे, रिवाज जाणणारे. बाईंनी येऊन 'हा माझा होणारा जावई' म्हटलं की काम फत्ते, असं तो ज्याला त्याला सांगत सुटला होता. आणि नाबोसाची आई आलीसुद्धा. जुळ्यांची आई म्हणून सगळे तिला नालोंगो म्हणत. गाठ काढली होती, पण दुखणं काही हटलं नव्हतं; बाई पार वाळून गेली होती.

विद्यापीठाच्या वकिलानं लुब्वामाला विचारलं, उद्या रात्रपाळीला तुम्ही एकटेच असलात आणि या बाईंना रक्तस्राव सुरू झाला, तर? लुब्वामा म्हणाला, दुसऱ्या कुणाला तरी बोलावीन. कुणीच नसलं तर? त्यावर त्यानं जी मान खाली घातली, ती वर केलीच नाही. अरे, खोटं तरी बोलायचंस! पण तेही त्याला जमलं नाही.

मग नालोंगो उभी राहिली. नातं खरं आहे म्हणाली, मुलगा सज्जन आहे म्हणाली. बझान्न्या खुशीत आला. न्यायमूर्तींनी सहज विचारावं तसं विचारलं, "म्हणजे यानं तुमचा मान राखला, तेव्हा तुम्हाला बरं वाटलं असेल."

"साहेब, मला फार दुखत होतं," बाई म्हणाली. "मी तोंड झाकलं होतं. ते कशासाठी? त्याला लाज वाटू नये म्हणून. पोट नव्हतं झाकलं."

बझान्न्यानं डोक्याला हात लावला. न्यायमूर्तींनी निकाल लगेच सांगून टाकला: नियम माहीत असून विद्यार्थी गप्प बसला, विद्यापीठाचं काही चुकलं नाही, अर्ज फेटाळला. इतक्या वर्षांचं शिक्षण पाण्यात गेलं. लुब्वामाला रडूही येईना.

बाहेर पायऱ्या उतरताना नालोंगोचा तोल गेला. आईला धरून आलेली नाबोसा एकटी, तिला काही आई सावरेना. लुब्वामा दोन हातांच्या अंतरावर उभा होता. त्याचे हात पुढे गेले आणि तिथेच थांबले. दारावरच्या शिपायानं धावत येऊन बाईला धरलं, पायरीवर बसवलं.

नाबोसानं आईचं डोकं मांडीवर घेतलं. मग मान वर करून लुब्वामाकडे पाहिलं.

"आता लाव की हात," ती म्हणाली. "आता तू आमचा कुणी नाहीस."