मी किंग वसंत, मुक्काम इतवारा

मी किंग वसंत बोलतोय. दचकू नका, उठून उभं राहायचीही गरज नाही. मी कुठला राजाबिजा नाही, माणूससुद्धा नाही. मोबाइलवर ऑनलाइन कॅरम खेळतात ना, त्यात खेळणाऱ्याच्या फोटोखाली एक नाव झळकतं. ते नाव म्हणजे मी.

माझा जन्म बुऱ्हाणपूरचा, इतवाऱ्यातला. जन्मदाते वसंतराव. त्यांनी सारी नोकरी नेपानगरला कागद कारखान्यात केली आणि रिटायर झाल्यावर इथे मुलाकडे राहायला आले. रिटायर माणसाला दुपार फार मोठी असते हो. पेपर वाचून झाला, झोपही येईना, तेव्हा त्यांनी फोनमध्ये कॅरम उतरवून घेतलं. खेळानं विचारलं, नाव काय ठेवू? यांनी लिहिलं, वसंत. खेळ म्हणाला, हे नाव आधीच कुणीतरी घेतलंय, पुढे आकडे लावून देऊ का?

"आकडे? मी काय कैदी आहे?" वसंतराव भडकले. चष्मा पुसला, छताकडे बघितलं आणि 'वसंत'च्या आधी 'किंग' जोडून टाकलं. झालो मी! बारसं नाही, पेढे नाहीत, कानात कुर्र करायला आत्या नाही. पण थाट बघा, जन्मतःच राजा.

राज्याची दैना मात्र विचारू नका. वसंतराव खेळायला बसले की सोंगट्या जागच्या जागी राहायच्या आणि स्ट्रायकर तेवढा पॉकेटात जायचा. हरले की दोष कधी नेटला, कधी फोनच्या काचेला. एकदा तर सुनेच्या हातच्या भज्यांना दिला, बोट तेलकट झालं म्हणून. माझी काय अब्रू राहिली असेल, तुम्हीच सांगा. खंडव्याची, जळगावची शेंबडी पोरं मला हरवायची आणि वर हसऱ्या तोंडांची चित्रं पाठवायची. नाव किंग, आणि मार खातोय रोज! शेवटी वसंतराव कंटाळले आणि खेळायचे थांबले.

तर या घरात फोन चार्ज करायची भरवशाची जागा एकच, स्वयंपाकघरात ओट्याच्या वर. आणि ओट्यापाशी कोण? लीलाबाई, म्हणजे वसंतरावांच्या सौभाग्यवती. एका दुपारी त्या कुकर लावून उभ्या होत्या. तेवढ्यात फोन वाजला. इतवाऱ्यातलेच कापडवाले रघुनाथभाऊ, वसंतरावांचे चहाचे जोडीदार, त्यांनी डाव मांडायचं आवताण पाठवलं होतं. लीलाबाईंनी इकडेतिकडे पाहिलं. पदराला हात पुसले. एक डोळा बारीक केला, बोट मागे ओढलं आणि सोडलं.

राणी गेली. पाठोपाठ कव्हरसुद्धा गेलं!

म्हटलं, लागला असेल तुक्का. पण बाई थांबायलाच तयार नाहीत. कोपऱ्यात लपलेली सोंगटी घे, पाठीमागची आपटून काढ, रघुनाथभाऊंना हलूच दिलं नाही. कुकर शिट्ट्यांवर शिट्ट्या मारतोय, इकडे कुणाला शुद्ध आहे? त्या दिवशी घरात डाळ करपली आणि मी आयुष्यात पहिल्यांदा जिंकलो.

मग रोजचंच झालं. लीलाबाई जिंकत गेल्या आणि बुऱ्हाणपूरच्या खेळाडूंत मी वर वर चढत गेलो. जळगावची ती पोरं आता 'गुरुजी' म्हणून हात जोडलेली चित्रं पाठवायला लागली.

आणि एक दिवस चहाच्या दुकानात रघुनाथभाऊंनी वसंतरावांच्या पाठीवर थाप मारली. "अरे वसंतभाऊ, काय खेळले यार तुम्ही! मेरे को तो तुम्ही रडवून सोडलं."

वसंतरावांना आधी काही उमगेना. पण कौतुक चालू असताना 'तो मी नव्हेच' म्हणायला फार मोठं मन लागतं. ते म्हणाले, "चाललंय आपलं थोडंफार."

घरी येऊन मात्र त्यांनी विचारलं, "अगं, माझ्या नावावर कोण खेळतंय?"

"मी खेळते. का, झिजलं का नाव तुमचं?"

"तसं नाही गं. खेळ की. मला दुपारी कुठे लागतो फोन?"

झालं! घरात लीलाबाईंनी जिंकायचं आणि चहावर वसंतरावांनी मिरवायचं, असं ठरल्यासारखंच झालं. मावा जिलबीच्या ताटलीवर चमचा टेकवून ते लोकांना कोन समजावून सांगायचे. स्ट्रायकर इकडून असा धरायचा, तिकडून तसा सोडायचा. ऐकणारे माना डोलवायचे. खोटं कशाला बोलू, माझीही छाती फुगायची.

एकच गोष्ट मनाला लागायची. वसंतरावांची सून गायत्री, शाळेत शिकवते, तिनं एकदा विचारलं, "आई, तुमची आयडी काय आहे? मी पण ॲड करते ना तुम्हाला."

"ह्यांचंच नाव आहे."

"हो, पण पूरा काय लिहिलंय?"

लीलाबाईंनी फोनच तिच्यापुढे धरला. नवऱ्याचं नाव तोंडानं घ्यायचं नाही, हे त्यांच्या अंगात इतकं मुरलेलं. कधीकाळी उखाण्यात घेतलं असेल तेवढंच. आता बघा, माझ्यासाठी एवढे डाव जिंकणारी ही बाई, आणि तिच्या तोंडून मी एकदाही निघू नये? मला वाईट वाटायचं.

आणि मग रघुनाथभाऊंच्या डोक्यात कल्पना आली. "वसंतभाऊ, ये मोबाइल-बिबाइल छोडो. रविवारी माझ्या दुकानात असली बोर्ड मांडतो. समोरासमोर होऊन जाऊ द्या! सगळ्यांना बोलावतो. वहिनींना पण आणा, सूनबाईंना पण."

वसंतरावांना चहाचा ठसका लागला. घरी आले ते थेट स्वयंपाकघरात. "अगं, पंचाईत झाली. रविवारी मला सगळ्यांसमोर खेळायला लावतायत."

"मग खरं सांगून टाका. मी खेळते म्हणून."

"वा! आणि इतके दिवस मी काय फुशारक्या मारत होतो? लोक काय म्हणतील?"

लीलाबाईंनी गॅस बंद केला. "लोकांचं सोडा, माझं ऐका. माहेरी, चांदनीला आमचं क्वार्टर स्टेशनाला लागून होतं. बाबा पॉइंट्समन. गाडी गेली की ओट्यावर बोर्ड यायचा. पुढच्या गाडीची वेळ झाली की बाबा झेंडी घेऊन पळायचे आणि ते परत येईपर्यंत कुणी सोंगटीला हात लावायचा नाही. तिथं मला हरवणारं कुणी नव्हतं. वैजयंती आली म्हटलं की मोठी माणसंसुद्धा उठून जागा करून द्यायची. मग लग्न झालं. तुम्ही तांदळाच्या ताटात अंगठीनं 'लीला' लिहिलं, सगळ्यांनी साखर खाल्ली आणि वैजयंती संपली. मला कुणी विचारलंसुद्धा नाही. रीतच होती, मी पण काही बोलले नाही. बोर्डही सुटला. आता इतक्या वर्षांनी पुन्हा जिंकतेय, तर ते तरी वैजयंतीच्या नावावर जिंकू द्या मला."

वसंतराव उगाच पाण्याचा ग्लास शोधायला लागले. हातात होता तोच.

गायत्री दारात उभी राहून सगळं ऐकत होती. ती म्हणाली, "आई, इतकी सिंपल गोष्ट आहे. नावाजवळ ही पेन्सिल दिसते ना, ती दाबा आणि लिहून टाका. बस एकदाच बदलता येतं, मग वापस नाही होत. आणि सगळ्या दोस्तांना मेसेज जातो."

पेन्सिल! मी रोज बघत होतो ती, माझ्या उशाशीच असते. ती माझ्या मुळावर येणार हे कुणी सांगितलं नव्हतं. माझी पाचावर धारण बसली.

पण लीलाबाईंनी हात मागे घेतला. "मी नाही लिहिणार. ताटात ज्यांनी लिहिलं, त्यांनीच हे लिहायचं."

मी मनातल्या मनात ओरडत होतो, वसंतराव, हलू नका, बोट लावू नका! आणि शाब्बास, ते हललेच नाहीत. "बघू," म्हणाले. या घरात 'बघू' म्हणजे 'नाही'. लीलाबाईंनी फोन चार्जिंगला लावला आणि त्या दिवसापासून खेळायचं बंद केलं. रघुनाथभाऊंची आवताणं यायची आणि वाट बघून निघून जायची. मी वाचलो होतो खरा, पण तसल्या वाचण्यात काही मजा नव्हती. डाळ रोज छान व्हायची. मला ती करपलेलीच बरी वाटत होती.

रविवार उजाडला तो वसंतरावांच्या बोटाला पट्टी घेऊन. "कडीत सापडलं," ते म्हणाले. कोणत्या कडीत, हे कुणी विचारलं नाही. गायत्रीनं सासूकडे बघून तोंड दाबून हसू आवरलं. सासू हसली नाही.

रघुनाथभाऊंच्या दुकानात गादीवर बोर्ड मांडलेला, पावडर भुरभुरलेली, अर्धा इतवारा गोळा झालेला. पट्टी बघून सगळे हळहळले. "अरेरे, आजच व्हायचं होतं का हे!" मग वसंतरावांना मानानं बोर्डाशेजारी बसवलं आणि रघुनाथभाऊ स्वतःच एका शेजाऱ्याबरोबर खेळायला लागले. वसंतराव बसल्याबसल्या फोन उघडून आजूबाजूच्यांना मला दाखवत होते, म्हणून मला सगळं दिसत होतं.

राणी मधोमध सोंगट्यांच्या आड अडकली. रघुनाथभाऊंनी नेम धरला, चुकला. परत धरला, परत चुकला. आणि दर वेळी, बाजूला बसलेल्या लीलाबाईंचं बोट पदराआड गुडघ्यावर हळूच टिचकी मारत होतं. वेगळ्याच दिशेला. तिथून मारलं असतं तर राणी गेली असती, हे मलासुद्धा कळत होतं.

वसंतरावांनी ते बोट पाहिलं. त्यांना लाज वाटली. अशी वाटली की कान लाल झाले. ते पट्टी सोडायला लागले.

"अरे, काय करताय भाऊ? दुखेल ना!" रघुनाथभाऊ म्हणाले.

"काही दुखत नाही. दुखतच नव्हतं."

आणि त्याच बोटानं, ज्या बोटानं एकदा अंगठी धरून तांदळात लिहिलं होतं, त्यांनी पेन्सिल दाबली. मी शेपटाकडून पुसला जायला लागलो. वसंत गेला, किंग गेला. मोकळ्या जागेत एकेक अक्षर हळूहळू उमटलं. त्यांना टायपिंग धड येत नाही, पण चूक एक झाली नाही.

दुकानातले फोन टिणटिण वाजले. रघुनाथभाऊंनी मोठ्यांदा वाचलं, "किंग वसंत आता वैजयंती या नावाने खेळतील. ये वैजयंती कौन है भाई?"

"ही," वसंतराव म्हणाले. "आमची. सगळे डाव हीच खेळायची. मी नुसता चहा प्यायचो."

मग असा हशा उसळला की विचारू नका, आणि सगळ्यांत जास्त हसले रघुनाथभाऊच. हसत हसत ते उठले आणि आपली जागा हातानं झटकली. "या वैजयंतीवहिनी. इकडे बसा."

त्या बसल्या. पदराला हात पुसले. वसंतराव कौतुकानं इतके जवळ सरकले की त्यांचं कोपर बाईंच्या कोपराला लागायला लागलं. बाईंनी एक डोळा बारीक केला, नेम धरला आणि त्या मान न वळवता म्हणाल्या, "वसंतराव, जरा सरका. हात अडतोय."

वसंतराव सरकले. सरकले कसले, पार भिंतीला जाऊन टेकले. राणी गेली का नाही, मी बघितलंच नाही. माझं कशातच लक्ष नव्हतं.

तुम्ही म्हणाल, पुसला गेलास ना, मग बोलतोस कुठून? अहो, त्या फोनमध्ये मी नाही. तिथे आता वैजयंतीबाई झळकतात, आणि झळकू देत, त्यांचा हक्कच आहे. 'किंग' गेलं ते बरंच झालं, उगाच ओझं होतं. उरला तो वसंत, आणि तो आता स्वयंपाकघरात राहतो. दिवसातून कितीदा तरी बाई मला हाक मारतात. "वसंतराव, चार्जर कुठे ठेवला?" "वसंतराव, चहा टाका, राणी लागलीय माझी." वसंतरावांचे कान अजून लाल होतात, पण ओ देतात बिचारे.

तुम्हाला तुमचं नाव बदलायचं असेल तर खुशाल बदला. दुसऱ्याचं बदलायला निघालात, तर तेवढं विचारून घ्या. जास्त काही सांगत नाही. थांबा, हाक आली. डाळ खाली लागतेय वाटतं. जातो मी.