रेषेपाशी 'आधी तुम्ही'

राष्ट्राच्या आयुष्यात असा एक दिवस उगवतो, की त्यानंतर काहीच पूर्वीसारखं राहत नाही. लेबनॉनमध्ये असा दिवस साधारण दर दीड वर्षाने उगवतो, त्यामुळे रग्बी लीग सुरू झाली त्या दिवसाकडे कुणी फारसं लक्ष दिलं नाही. शिवाय वीज गेली होती.

हा खेळ रिमोनने आणला. तीस वर्षं सिडनीत काढून, तिथलं घरदार आवरून तो आमच्या किनाऱ्यावरच्या गावी परतला आणि म्हणाला, "चेंडू हातात घेऊन पळायचं आणि रेषेपलीकडे जमिनीला टेकवायचा, की झाला ट्राय. बस." इतकं सोपं असूनही पहिल्या हंगामात आम्ही तो एकदाही टेकवला नाही. पाच सामने, शून्य गुण. सहाव्या आणि शेवटच्या सामन्याआधी नगराध्यक्ष म्हणाले, "रिमोन, आज एक तरी ट्राय दाखव. नाहीतर उद्यापासून मैदान लग्नाच्या गाड्यांना." मैदान गेलं तर आपण सिडनीला परत जाणार, हे रिमोनने फक्त मला सांगितलं होतं. म्हणजे गावभर ठाऊक होतं.

माझा गुडघा कामातून गेलेला, म्हणून मी कडेला झेंडा घेऊन उभा होतो.

तेरा माणसं भरावीत म्हणून संघात उस्ताद नसीब होते. वय एक्कावन्न, वजन विचारू नये. सव्वीस वर्षं त्यांनी आमच्या आणि शेजारच्या गावातल्या पोरांना गणित शिकवलं, म्हणजे समोरचा संघही त्यांचाच विद्यार्थी. या खेळात समोरच्याला धरून आडवं पाडायचं असतं, पण अख्ख्या सामन्यात त्यांच्या अंगाला कुणी हात लावला नव्हता. ते डाव्या कोपऱ्यात, रेषेजवळ, निवांत उभे होते.

शेवटची दोन मिनिटं, अठ्ठेचाळीस-शून्य. आणि बेकरीवाला वाएल चेंडू घेऊन सुटला. एकाला चकवलं, दुसरा आपणहून घसरला. रेषा चार पावलांवर आली आणि वाएलला उस्ताद दिसले. तो थांबला.

"उस्ताद, आधी तुम्ही."

"छे रे! पळालास तू, टेकव तूच."

"तुमच्या आधी मी? आई घरात घेणार नाही मला."

"वाएल, तुला माझी शपथ—"

"शपथ नका घालू हो, उस्ताद!"

"टेकव!" रिमोन पलीकडून ओरडत होता. "अरे गाढवांनो, कुणीतरी टेकवा!"

एव्हाना समोरचे सगळे धावत येऊन पोचले होते. पोचले आणि थांबले. दारात दोन माणसं एकमेकांना मान देत असताना मधून घुसायचं, असले संस्कार त्यांच्यावर नव्हते. त्यांचा कर्णधार मजदी उलट वाएलवरच खेकसला, "उस्तादांना ताटकळत काय ठेवतोस? दे ना त्यांच्या हातात!"

"कधीचा देतोय! तेच घेत नाहीत!"

"उस्ताद, घ्या हो आता. आमचं मन मोडू नका."

उस्ताद तीनदा नको म्हणाले. चौथ्यांदा नको म्हटलं तर अपमान होतो, म्हणून त्यांनी हात पुढे केले. पण या खेळात चेंडू पुढच्याला देता येत नाही, मागच्यालाच द्यावा लागतो. वाएलला उस्तादांच्या पुढे जाऊन उभं राहावं लागलं. "तुमच्याकडे पाठ फिरवतोय, माफ करा," असं दोनदा म्हणून त्याने चेंडू मागे दिला.

उस्ताद रेषा ओलांडून वाकू लागले.

"थांबा उस्ताद, खडा आहे," म्हणत मजदीने गुडघ्यावर बसून तळहाताने जागा झाडली. उस्ताद चेंडूसकट खाली आले.

शिट्टी वाजली. नगराध्यक्ष खुर्चीवर उभे राहून ओरडले, "मैदान तुझं, रिमोन, मैदान तुझं!" रिमोन माझ्या गळ्यात पडून रडत होता, आणि रडता रडता वाएलच्या सात पिढ्यांना शिव्या घालत होता. उस्ताद मात्र उठले नाहीत. तसेच चेंडूवर पालथे पडून, मान वर करून ते म्हणाले, "पोरांनो, आजचा दिवस ध्यानात ठेवा. माणसाने ठरवलं तर या देशात..."

"उस्ताद," खालून मजदीचा बारीक आवाज आला, "अभिनंदन. पण माझा हात खाली आहे. जरा सरकता का?"