पारू बिसेनचं माहेर

झुमकीची सगळी पिल्लं आजारी निघाली, तेव्हा लखनलालला पहिला संशय आला तो ताराचंदचा.

ही पिल्लं मोबाइलमधली होती, हे आधीच सांगितलेलं बरं. नाहीतर मुर्रीतल्या त्याच्या घरी कुणी कुत्री बघायला जाईल आणि हात हलवत परत येईल. 'आंगन' नावाचा तो खेळ. गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यावर लेकीने, भूमेश्वरीने, पडल्यापडल्या वेळ जावा म्हणून फोनमध्ये टाकून दिला होता. खेळात घर बांधायचं, शेजार जोडायचा, कुत्री पाळायची, त्यांच्या जोड्या जमवायच्या आणि पिल्लं वाढवायची. जन्मभर एसटी चालवलेल्या माणसाने सुरुवातीला नाक मुरडलं. मग असा काही नादी लागला की भाजीत मीठ नाही हेसुद्धा बायकोने, सुखवंताने, सांगावं तेव्हा त्याला कळायचं.

ताराचंद त्याच्या गाडीवरचा कंडक्टर. लखनलाल मुर्रीचा, पोवार जातीचा, घरी बऱ्यापैकी धानाची शेती. ताराचंद अर्जुनी मोरगावचा, बौद्ध घरातला. गाडीवर दोघांचा डबा एक, चहा एक, साहेबाच्या शिव्याही दोघांनी मिळूनच खाल्लेल्या. रिटायर झाल्यावर मात्र बोलायला विषय उरेना. 'बरा हायेस का' आणि 'बरा हाओ' एवढ्यावर फोन संपायला लागला. तेव्हा लखनलालने त्यालाही खेळात ओढलं आणि रोजचं बोलणं पुन्हा सुरू झालं. खेळ गेला तर हा दोस्तही हातचा जाईल, ही भीती लखनलालच्या मनात कायम असायची.

दोघांनी मिळून एक हौस धरली होती. चंदेरी पाठीचं, निळ्या डोळ्यांचं कुत्रं निपजवायचं आणि खेळातल्या दिवाळीच्या मेळ्यात उतरवायचं. जोड्या जमवायचं काम लखनलालने आपल्याकडे घेतलं आणि ते अगदी घरच्या रीतीने केलं. पोवारांत एकाच कुरात, म्हणजे एकाच आडनावाच्या कुळात, सोयरीक होत नाही. त्याने कुत्र्यांनाही कुरं वाटून टाकली. आपल्याकडची सगळी पटले, ताराचंदकडची सगळी बिसेन. पटल्याची पटल्याशी जोडी लावायची म्हणजे पापच! मादी ताराचंदकडे पाठवायची तीसुद्धा रीतसर लग्न लावून, आणि पाठवण्याआधी तिचं नाव बदलून. सासरी गेलेल्या बाईचं नाव बदलतं, मग कुत्रीचं का नको, असा त्याचा सवाल. सुखवंता कपाळाला हात लावायची. "भूमेश्वरीच्या सोयरिकीत एवढी चौकशी नाई केली तुमी," म्हणायची.

झुमकी ताराचंदकडून आली होती. लखनलालने ती आपल्या शेरूला दिली. कुर वेगळं, रूप देखणं, नाव ठेवायला जागा नाही. आणि तरी पिल्लं अशी निघाली. दूध पिईनात, उठून उभी राहीनात, प्रत्येकाच्या डोक्यावर आजाराची लाल खूण लुकलुकायला लागली. जवळच्या रक्तात जोडी लागली की या खेळात असं होतं, हे सगळ्या खेळणाऱ्यांना माहीत होतं. पण कुत्र्याच्या कार्डावर नुसती आईबापाची नावं दिसत. झुमकीच्या कार्डावर आई पारू बिसेन, बाप काळू बिसेन. त्याच्या मागचं काही दिसायची सोय नव्हती.

म्हणजे झुमकी खरी बिसेन नव्हेच, असं लखनलालने ठरवून टाकलं. ताराचंदने दुसरंच कुठलं तरी रक्त बिसेन म्हणून आपल्या गळ्यात मारलं.

एकदा संशय आला की माणसाला पुरावे शोधावे लागत नाहीत, ते आपणहून चालत येतात. पिल्लांबद्दल सांगितलं तेव्हा ताराचंद म्हणाला होता, "पाहू गा, होतीन बरे." पाहू म्हणजे काय? घाबरायला नको? दुपारी त्याच्या नावापुढे हिरवा ठिपका दिसत होता, म्हणजे बाबा खेळत होता, पण फोन काही आला नाही. लखनलाल पाहुणा बनून त्याच्या अंगणात शिरला. खेळात तशी मुभा होती. तुळशीच्या बाजूला नवीन गोठा बांधलेला, आणि त्याचं दार बंद. ताराचंदच्या अंगणात आजवर कुठल्याच दाराला कडी नव्हती! लखनलाल दारासमोर बराच वेळ उभा राहिला, खिडकी दिसते का म्हणून मागूनही फिरून आला. आपण फोनवर बोट फिरवत चोरासारखे डोकावतोय, हे त्याच्या लक्षातही आलं नाही.

त्यात दरेकशाच्या दुधरामने तेल ओतलं. तोही हाच खेळ खेळायचा. "ताराचंदजीले मी एक पिल्लू मांगलो, त आता नाई देत म्हनते," तो फोनवर म्हणाला. "मेळ्यासाठी लपवून ठेवून राहिला असन."

झालं. चांगली पिल्लं दाराआड आणि सडकी आपल्याकडे! मेळ्यात एकट्याने उतरायचा डाव!

"तुमी इचारा त खरं त्याले," सुखवंता म्हणाली.

"चोराले काय इचारू? चोरी केलास का म्हून?"

दुसऱ्या दिवशी सगळ्यात धाकटं पिल्लू गेलं. लखनलालने रागारागाने फोन लावला.

"कंडक्टर, खरं सांग. झुमकी कोनाची?"

"माझ्या पारूची. कार्डावर हाये ना."

"कार्डावर लिवाले काय जाते? मी कुर पाहून सोयरीक केलो. तू कोठचं रगत घुसवलास ते सांग."

पलीकडे चालू असलेला टीव्ही ताराचंदने बंद केला.

"तुमच्यात पाहत नसतीन," लखनलाल म्हणाला, "आमच्यात रगत पाहतेत."

शब्द तोंडातून गेले आणि त्याला स्वतःलाच कसंतरी झालं. ते मागे घ्यायला तेव्हा वेळ होता. पण मागे घ्यायचे म्हणजे संशयही मागे घ्यावा लागला असता, आणि तो काही सुटत नव्हता.

"बरं, ड्रायवरसाहेब," ताराचंद म्हणाला. एवढ्या वर्षांत त्याने याला कधी साहेब म्हटलं नव्हतं. फोन बंद झाला.

एवढ्यावर थांबला असता तरी पुष्कळ होतं. लखनलालने खेळणाऱ्यांच्या व्हाट्सअप ग्रुपवरही लिहिलं, 'अर्जुनीहून कोणी जनावर घेऊ नये. रक्ताचा भरवसा नाही.' दुधरामने लगेच होकाराचा अंगठा टाकला. ताराचंदच्या नावापुढचा हिरवा ठिपका त्या दिवसापासून विझला तो विझलाच.

लखनलालला आता सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. पण तो दिवसभर घरात येरझारा घालत राहिला. पोह्यांतले खडे निवडत बसलेल्या सुखवंताला अखेर त्याचा कंटाळा आला. तिने फोन मागून घेतला, डोळ्यांपासून लांब धरला आणि झुमकीकडे बघत विचारलं, "ही कोनाची पोर म्हनता?"

"पारूची."

"अन पारू कोनाची?"

"ताराचंदची. किती डाव सांगू?"

"त्याची कशी होईन? पारू म्हंजे आपली रेशमा. तुमीच त लगन लावून धाडली तिले. धाडाच्या आधी नाव बदलले, पारू ठेवले. मी इथंच बसली होती."

लखनलालने तिच्या हातातून फोन घेतला. रेशमा पटले. शेरूची सख्खी बहीण. म्हणजे शेरू हा झुमकीचा मामा. मामाला भाची दिली होती, आणि ती कुर बघून, चौकशी करून, स्वतःच्या हाताने. झुमकीत परकं रक्त नव्हतंच. नडलं ते आपल्याच पटल्यांचं.

"मले काऊन ध्यानात नाई राहिलं?" तो पुटपुटला.

"पोरगी गेली, नाव बदललं, संपलं. कोनाच्या ध्यानात राहते?" सुखवंता पुन्हा सुपाकडे वळली. "माहेरी मी शामकला होती. ते तरी हाये का ध्यानात?"

नव्हतं. लखनलालची मान खाली गेली. त्याने ग्रुपवर लिहिलं, 'चूक माझी होती, ताराचंदची नाही.' मग ताराचंदला फोन लावला. उचलला नाही. पुन्हा लावला, तरी नाही. सकाळी दुखरा गुडघा घेऊन तो अर्जुनीच्या गाडीत बसला.

ताराचंदचं घर कुठलं, हे त्याला स्टँडवरच्या पानवाल्याला विचारावं लागलं. डबा वाटून खाल्ला, अर्जुनीच्या स्टँडवर कितीदा गाडी लावली, पण त्या घरापर्यंत तो कधी आलाच नव्हता. बोलावणं नव्हतं असंही नाही. लग्नं झाली, बारशी झाली, ताराचंदने दर वेळी पत्रिका दिली होती. दर वेळी याला काही ना काही काम निघालं होतं. चालता चालता ती सगळी कामं आठवायचा त्याने प्रयत्न केला. एकही आठवलं नाही.

निर्मलाबाईने, ताराचंदच्या बायकोने, दार उघडलं, खुर्ची दिली, पाणी दिलं आणि आत गेली. ताराचंद समोर बसला. लखनलालने रेशमाची, नाव बदलल्याची, मामा-भाचीची सगळी हकिकत सांगितली आणि हात जोडले.

ताराचंदने फोन काढला, खेळ उघडला आणि बंद गोठ्याचं दार सरकवून दाखवलं. आत झुमकीच्या बहिणीची पिल्लं होती. लखनलालनेच मागे जोडीसाठी पाहुणा म्हणून धाडलेल्या शेरूची. एकही उठत नव्हतं.

"माझ्याइथं बी तसंच झालं," तो म्हणाला. "तू आपल्याच पिल्लांच्या काळजीत होतास. ही पाहून आखीन जीव जाळशीन, म्हून दार लावलो. आजारी जनावर दुधरामले तरी कसा देऊ? मले वाटलं, खेळात काई बिघाड असन. तुझं रगत कसं हाये, हे माझ्या मनात बी नाई आलं गा."

लखनलालला त्याच्याकडे बघवेना.

"एक सांग," ताराचंद म्हणाला. "वहिनीनं पारूले वळखली नसती, त तू आला असता का इथं?"

'आलो असतो' म्हणायला लखनलालने तोंड उघडलं. पण समोर बसलेल्या माणसाचा जन्म बिनतिकिटाची तोंडं ओळखण्यात गेला होता.

"नाई," तो म्हणाला. "नसतो आलो."

ताराचंदने मान डोलावली. निर्मलाबाईने चहा आणला. दोघांनी तो प्यायला.

निघताना दारात त्याने चाचरत विचारलं, "संध्याकाळी खेळात येशीन ना?"

"खेळात नाई," ताराचंद म्हणाला. "तूच येजो घरी. कुत्र्यांचं काई काम नसन, तवा."